ग्रीक भाषा : पंडितांची आणि लोकांची

ग्रीक भाषेचें नांव निघालें कीं सुशिक्षित मराठी माणसाच्या मनापुढें होमर, सॉक्रेटिस, प्लेटो आणि ॲरिस्टॉटल उभे राहतात. ही एक प्राचीन, थोर आणि आतां केवळ ग्रंथांत उरलेली भाषा, अशी सर्वसाधारण समजूत असते. ती समजूत खरी नाहीं. अथेन्सच्या बाजारांत भाजी विकणारा, सायप्रसमधील शाळेंत धडा वाचणारा आणि ऑस्ट्रेलियांतील मेलबर्न शहरीं जाऊन स्थायिक झालेला ग्रीक आजहि घरीं ग्रीकच बोलतो. ही भाषा बोलणाऱ्यांची संख्या १ कोटी ३० लाखांच्या आसपास आहे. ग्रीस व सायप्रस या दोन राष्ट्रांची ती राजभाषा आहे, आणि युरोपीय संघाच्या अधिकृत भाषांतहि तिची गणना होते. परंतु इतक्या जुन्या घराण्याचा वारसा तिच्या लेकरांना सुखासुखीं मिळालेला नाहीं. आपण बोलतों तीच आपली भाषा, एवढी साधी गोष्ट मान्य करून घेण्यासाठीं ग्रीकांना दीडशें वर्षांहून अधिक काळ आपसांत झगडावें लागलें, आणि त्या झगड्यांत माणसांचे प्राणहि गेले.

ग्रीक भाषेचे सर्वांत जुने लेख मातीच्या पाट्यांवर आहेत. क्रीट बेटावरील क्नोसॉस आणि मुख्य भूमीवरील पायलॉस व मायसीनी येथील राजवाड्यांच्या अवशेषांत त्या सांपडल्या. मायकेल व्हेंट्रिस या इंग्रज वास्तुशिल्पज्ञानें १९५२ सालीं त्यांवरील लिपि उलगडली, तेव्हां तींतील भाषा ग्रीक आहे हें जगाला कळलें. इ. स. पू. १४०० ते १२०० च्या सुमाराच्या या पाट्यांत काव्य नाहीं कीं तत्त्वज्ञान नाहीं. मेंढ्या किती, तेल किती, रथांचीं चाकें किती, असा कोठाराचा जमाखर्च आहे. पुढें ते राजवाडे उद्ध्वस्त झाले आणि लिपीहि विसरली गेली. मग इ. स. पू. आठव्या शतकाच्या सुमारास ग्रीकांनीं फिनीशियन व्यापाऱ्यांची लिपि उचलली. तींत केवळ व्यंजनांचीं चिन्हें होतीं. ग्रीकांनीं आपल्याला निरुपयोगी अशा कांहीं चिन्हांना स्वरांचें काम दिलें आणि स्वर व व्यंजन या दोहोंना बरोबरीचें स्थान देणारी वर्णमाला सिद्ध केली. आजच्या रोमन आणि रशियन लिपी याच वर्णमालेच्या वंशांतल्या होत.

त्या काळीं ग्रीक ही अनेक बोलींची मिळून एक भाषा होती. होमरच्या महाकाव्यांत आयोनिक बोलीचें प्राधान्य आहे, कवयित्री सॅफोची बोली एओलिक, तर स्पार्टाचे लोक डोरिक बोलत. अथेन्सची आटिक बोली नाटककारांनीं आणि तत्त्ववेत्त्यांनीं वैभवास नेली. अलेक्झांडर इ. स. पू. ३२३ मध्यें मरण पावला. परंतु त्याच्या स्वाऱ्यांबरोबर इजिप्तपासून सिंधूपर्यंत पसरलेली ग्रीक भाषा मागें राहिली. नाना प्रांतांच्या आणि नाना जातींच्या तोंडीं रुळल्यामुळें ती सोपी झाली. आटिक बोलीच्या पायावर उभ्या राहिलेल्या या भाषेस 'कोइने', म्हणजे सर्वसामान्य भाषा, असें नांव आहे. सम्राट अशोकाला कंदाहारच्या प्रजेस धर्म सांगावयाचा होता, तेव्हां त्यानें इ. स. पू. तिसऱ्या शतकांत ग्रीक व अरमाईक अशा दोन भाषांत शिलालेख कोरविला. १९५८ सालीं उजेडांत आलेल्या या लेखांत 'धम्म' या शब्दासाठीं 'युसेबिया' हा भक्तिभाववाचक ग्रीक शब्द योजला आहे.

महाराष्ट्राच्या भूमीलाहि या भाषेचा स्पर्श झाला होता. इसवी सनाच्या पहिल्या शतकांतील एका अज्ञात ग्रीक प्रवाशानें लिहिलेल्या 'पेरिप्लस' या सागरी वर्णनांत कल्याण, पैठण आणि तेर यांचा उल्लेख आहे. कार्ल्याच्या लेण्यांतील कित्येक स्तंभ यवनांनीं दान दिल्याचे लेख आहेत. नाशिक जिल्ह्यांत जोगळटेंभी येथें १९०६ सालीं सांपडलेल्या क्षत्रप नहपानाच्या नाण्यांवर ब्राह्मी व खरोष्ठीबरोबर ग्रीक अक्षरेंहि आहेत. मराठी माणूस रोज उच्चारतो त्या 'केंद्र', 'सुरुंग' आणि 'दाम' या शब्दांचें मूळहि विद्वान् ग्रीकमध्येंच दाखवितात.

सर्वसामान्य झालेली भाषा पंडितांना मात्र आवडली नाहीं. ख्रिस्ती शकाच्या आरंभाच्या सुमारास व्याकरणकारांनीं असा आग्रह धरला कीं, बाजारांत लोक कसेंहि बोलोत, लिहावयाचें तें चारपांचशें वर्षांपूर्वींच्या अथेन्सप्रमाणेंच लिहिलें पाहिजे. त्या दिवसापासून ग्रीकांचें तोंड आणि लेखणी यांची फारकत झाली. तोंडची भाषा नदीसारखी वाहत राहिली. ऱ्हस्वदीर्घाचा भेद गेला, सुरांच्या चढउताराच्या जागीं आघात आला, शब्दारंभींचा हकार लोपला, आणि पूर्वीं निरनिराळे उच्चारले जाणारे कित्येक स्वर व संयुक्त स्वर 'इ' या एकाच उच्चारांत मिळून गेले. लेखन मात्र होतें तेथेंच थांबलें. जुन्या उच्चाराचीं द्योतक अशीं चिन्हें अक्षरांच्या डोक्यावर कायम राहिलीं. जुन्या मराठी लेखनांत व्युत्पत्तीसाठीं जपलेल्या, पण कोणी न उच्चारणाऱ्या अनुस्वारांसारखीच त्यांची गत होती.

या दुहेरी व्यवहारांतला एक विरोध विशेष लक्षांत घेण्यासारखा आहे. ख्रिस्ती धर्माचीं शुभवर्तमानें लिहिलीं गेलीं तीं पंडितांच्या आटिक भाषेंत नव्हेत, तर सामान्य जनांच्या कोइनेंत. कोळ्यांना आणि शेतकऱ्यांना समजावें म्हणून जी साधी भाषा वापरली, तीच कालांतरानें पवित्र, अस्पर्श आणि लोकांना अनाकलनीय होऊन बसली. बायझंटाइन साम्राज्याच्या हजार वर्षांत आणि १४५३ सालीं कॉन्स्टँटिनोपल पडल्यानंतरच्या तुर्की अमदानींत याच भाषेंतील उपासनेनें ग्रीकांचें ग्रीकपण टिकवून धरलें, हेंहि तितकेंच खरें आहे.

१८२१ सालीं ग्रीकांनीं तुर्कांविरुद्ध उठाव केला आणि १८३० मध्यें त्यांच्या स्वतंत्र राज्यास मान्यता मिळाली. आतां प्रश्न पडला कीं या राज्याची भाषा कोणती? पॅरिसमध्यें राहणारा पंडित अदामांतिओस कोराईस यानें मध्यम मार्ग सुचविला होता. प्राचीन भाषा जशीच्या तशी परत आणणें अशक्य. पण चालू भाषेंतील तुर्की, इटालियन शब्द झाडून तिला जुन्या रूपांचा उजाळा द्यावा, असें त्याचें मत होतें. या विचारांतून जी घडीव भाषा तयार झाली, तिला 'काथारेव्हुसा', म्हणजे शुद्ध केलेली भाषा, म्हणतात. कायदे, न्यायालयें, वर्तमानपत्रें आणि शाळा यांची भाषा तीच झाली. आईपासून शिकलेली भाषा 'दिमोतिकी', म्हणजे लोकांची, म्हणून दाराबाहेर राहिली. भाकरीस घरीं 'प्सोमी' म्हणावें आणि पुस्तकांत 'आर्तोस'; पाण्यास घरीं 'नेरो' आणि पुस्तकांत 'इदोर'. शेतकऱ्याच्या मुलास शाळेंत पाऊल टाकतांच आपल्या आईची भाषा अशुद्ध आहे, हा पहिला धडा मिळे.

कवींनीं मात्र लोकांची बाजू घेतली. झाकिंथोस बेटाचा कवि दिओनिसिओस सोलोमोस यानें १८२३ सालीं लोकभाषेंतच 'स्वातंत्र्यस्तोत्र' रचलें; त्याचीं आरंभींचीं कडवीं पुढें ग्रीसचें राष्ट्रगीत झालीं. राष्ट्रगीत लोकभाषेंत आणि राज्यकारभार पंडिती भाषेंत, असा हा संसार होता. १८८८ मध्यें प्सिखारिस या भाषाशास्त्रज्ञानें 'माझा प्रवास' हें पुस्तक लोकभाषेंत लिहून वादाला रणाचें रूप दिलें.

या रणांतील दोन लढवय्यांचा मुंबईशीं संबंध होता. रॅली ब्रदर्स या ग्रीक घराण्याच्या पेढीचें नांव मुंबईच्या कापसाच्या व्यापारांत एके काळीं सर्वतोमुखीं होतें. त्या पेढींत नोकरी करणारा अलेक्झांड्रोस पाल्लिस आणि कथाकार एफ्तालिओतिस या दोघांनींहि आयुष्याचीं कांहीं वर्षें मुंबईंत काढलीं. दिवसा व्यापाराच्या खतावण्या आणि फावल्या वेळीं लोकभाषेची सेवा, असा त्यांचा क्रम असे. पाल्लिसनें होमरचें 'इलियड' लोकभाषेंत आणलें, आणि पुढें इंग्लंडांत लिव्हरपूल येथें असतां मॅथ्यूच्या शुभवर्तमानाला हात घातला.

याच सुमारास ग्रीसची राणी ओल्गा हिनेंहि असाच एक प्रयत्न केला होता. १८९७ च्या तुर्की युद्धांतील जखमी शिपायांची शुश्रूषा करतांना तिला दिसून आलें कीं, वाचून दाखविलेलें शुभवर्तमान त्यांना समजत नाहीं. म्हणून तिनें सोप्या भाषेंत त्याचें भाषांतर करवून १९०१ च्या आरंभीं छापविलें. त्याच वर्षाच्या सप्टेंबरांत पाल्लिसचें भाषांतर अथेन्सच्या 'आक्रोपोलिस' या वृत्तपत्रांत क्रमशः येऊं लागलें आणि शहरांत वणवा पेटला. विद्यापीठाचे विद्यार्थी रस्त्यावर उतरले, वृत्तपत्राच्या कचेरीवर चाल झाली, आणि नोव्हेंबरांत सैन्याशीं झालेल्या चकमकींत आठ माणसें ठार झालीं. अथेन्सच्या धर्माध्यक्षांना पद सोडावें लागलें आणि मंत्रिमंडळहि गेलें. एका भाषांतरापायीं सरकार कोसळल्याचीं उदाहरणें इतिहासांत फार थोडीं आहेत.

दंगेखोरांस केवळ मूर्ख म्हणून सोडून देतां येणार नाहीं. त्यांच्या भीतीला कारण होतें. ग्रीस हें एक लहान, कर्जबाजारी आणि नुकतेंच युद्धांत हरलेलें राष्ट्र होतें. प्लेटोचे आणि पेरिक्लीसचे वंशज म्हणूनच युरोपांत त्याला मान होता. जुन्या भाषेचा धागा तुटला तर तो मानहि तुटेल, असें त्यांना वाटे. शिवाय राणी जन्मानें रशियन, आणि बाल्कन प्रदेशांत स्लाव्ह राष्ट्रांशीं ग्रीकांची स्पर्धा चाललेली. तेव्हां धर्मग्रंथाच्या भाषांतरामागें परक्यांचा डाव असावा, असा संशय सहज पसरला. पण या भयानें ज्याची वाचा बंद केली, तो जखमी शिपाईहि ग्रीकच होता, याचा त्यांना विसर पडला.

यापुढें भाषेचें भवितव्य राजकारणाच्या लंबकाबरोबर हेलकावत राहिलें. १९११ च्या राज्यघटनेनें पंडिती भाषेला घटनेचेंच संरक्षण दिलें. १९१७ मध्यें व्हेनिझेलोसच्या सरकारनें प्राथमिक शाळांत लोकभाषा आणली आणि 'उंच डोंगर' हें मुलांचें सुंदर वाचनपुस्तक निघालें. सरकार बदलतांच १९२१ मध्यें एका समितीनें असलीं पुस्तकें जाळून टाकण्याची शिफारस केली. जर्मन फौजांनीं अथेन्स व्यापलेलें असतां, लोक उपासमारीनें मरत असतां, प्राध्यापक काक्रिदिस यांनीं डोक्यावरचीं जुनीं चिन्हें गाळून पुस्तक छापलें म्हणून विद्यापीठानें त्यांची चौकशी करून त्यांना शिक्षा केली. १९६७ सालीं सत्ता बळकावणाऱ्या लष्करी अधिकाऱ्यांनीं पुन्हां काथारेव्हुसाचा पुरस्कार केला, आणि त्यामुळेंच ती भाषा लोकांच्या मनांतून कायमची उतरली. १९७४ मध्यें ती राजवट कोसळली. १९७६ च्या कायद्यानें लोकभाषा शिक्षणाची भाषा झाली, आणि १९८२ सालीं जुनीं चिन्हें जाऊन आघात दाखविणारें एकच साधें चिन्ह उरलें.

झगडा संपल्यावर असें आढळून आलें कीं, हरलेल्या पक्षाचें सर्वस्व गेलेलें नाहीं. ग्रीक माणूस आज 'प्सोमी' विकत आणतो, पण दुकानाच्या पाटीवर 'आर्तोपिइओ' असें लिहिलेलें असतें. घरीं पाणी तें 'नेरो', पण जलवाहिनीच्या नांवांत 'इदोर'चें रूप शिल्लक आहे. मराठींत पाणी आणि जल जसे एका घरांत नांदतात, तसाच हा प्रकार आहे. समुद्राला होमर जो 'थालास्सा' शब्द वापरी, तोच आजचा कोळीहि वापरतो. देवळांत कोइनेंतील उपासना अद्याप चालते. लोकभाषेच्या वाढीनें साहित्याचा ऱ्हास होईल ही भीतीहि खोटी ठरली. सेफेरिस यांस १९६३ मध्यें आणि एलितिस यांस १९७९ मध्यें नोबेल पारितोषिक मिळालें, तें लोकभाषेंतील काव्यासाठींच.

आतां चिंता आहे ती दुसऱ्याच भावंडांची. पेलोपोनीजमधील कांहीं खेड्यांत बोलली जाणारी त्साकोनियन बोली प्राचीन डोरिकची वारस आहे. दक्षिण इटलींतील ग्रिको आणि तुर्कस्थानांत काळ्या समुद्राकांठची पाँटिक याहि जुन्या ग्रीकच्याच शाखा होत. त्या बोलणारे आतां थोडे आहेत आणि बहुतेक वृद्ध आहेत. त्यांच्यावर कोणी बंदी घातलेली नाहीं. घरांत नातवंडें त्या उचलीत नाहींत, इतकेंच.

ग्रीक अक्षरें आणि शब्द मात्र जगभर फिरतच आहेत. २०२१ सालीं महामारीच्या विषाणूच्या नव्या प्रकारांना जागतिक आरोग्य संघटनेनें अल्फा, डेल्टा अशीं नांवें दिलीं, तेव्हां मराठी घरांतहि तीं पोंचलीं. परंतु शास्त्रांच्या परिभाषेनें कोणती भाषा जिवंत राहत नाहीं. ग्रीस देशानें २०१७ पासून ९ फेब्रुवारी हा ग्रीक भाषेचा दिवस म्हणून ठरविला आहे. त्यासाठीं त्यानें ॲरिस्टॉटलची तिथि निवडली नाहीं कीं कोराईसचीहि नाहीं. तो सोलोमोसच्या मृत्यूचा दिवस आहे. शेतकऱ्यांच्या आणि कोळ्यांच्या बोलींत ज्यानें स्वातंत्र्य गाइलें, त्याच्या नांवें आपल्या साडेतीन हजार वर्षांच्या भाषेचा दिवस पाळावा, असें त्या राष्ट्रानें ठरविलें.