डील, किम

(१० जून १९६१ – ). अमेरिकी बासवादक, गायिका व गीतकार. 'पिक्सीज' या बोस्टनच्या अल्टरनेटिव्ह रॉक बँडची मूळ बासवादक आणि 'द ब्रीडर्स'ची संस्थापक. जन्म ओहायो राज्यातील डेटन येथे. केली ही तिची जुळी बहीण; दोघी तरुणपणी एकत्र गात.

पिक्सीज : १९८६ मध्ये बोस्टनच्या एका साप्ताहिकात बासवादक हवा असल्याची जाहिरात आली. 'हस्कर डू'चा कर्कश रॉक आणि 'पीटर, पॉल अँड मेरी' यांची लोकगीते ही दोन्ही आवडणारा वादक हवा, अशी अट होती. एकट्या डीलने प्रतिसाद दिला. तोवर ती गिटार वाजवी; बास केलीकडून आणला. 'कम ऑन पिलग्रिम' (१९८७) व 'सर्फर रोझा' (१९८८) यांवर तिचे नाव 'मिसेस जॉन मर्फी' असे छापले आहे.

वादनशैली : डील पिकने, मोजके स्वर घेऊन वाजवते. या साधेपणाला कौशल्याची उणीव मानणे चूक आहे. पिक्सीजच्या गाण्यांत शांत कडव्यावर गोंगाटी धृपद कोसळते. कडव्यात गिटार मागे सरते तेव्हा गाणे बासच तोलून धरतो. तिथे स्वर वाढवले असते तर धृपदाचा आघात बोथट झाला असता. 'जायगँटिक' हे बँडचा मुख्य गायक ब्लॅक फ्रान्सिस याच्यासह लिहिलेले व डीलने गायलेले गीत याचा उत्तम नमुना होय. सुरुवातीला बास एकच छोटी ओळ घोळवत राहतो. त्यावर ढोल व आवाज येतो, आणि गिटार धृपदाला उसळते. ध्वनिमुद्रक स्टीव्ह अल्बिनीने कृत्रिम प्रतिध्वनी टाळून तिचे गायन स्टुडिओच्या न्हाणीघरात मुद्रित केले. फरशीच्या भिंतींवरून परतणारा तो घुमारा 'व्हेअर इज माय माइंड?' मधील तिच्या सहगायनातही ऐकू येतो.

'डूलिटल' (१९८९) मधील 'सिल्व्हर'च्या लेखनात तिचा वाटा आहे; पुढच्या दोन अल्बमांत तिची गीते नाहीत. फ्रान्सिसशी मतभेद हे याचे कारण सांगितले जाते. १९९३ मध्ये बँड फुटला. २००४ च्या पुनर्मीलनात ती सामील झाली व २०१३ मध्ये बाहेर पडली.

द ब्रीडर्स : येथे डील मुख्यतः गिटारवादक व गायिका. 'पॉड' (१९९०) हा अल्बम 'निर्व्हाना' बँडच्या कर्ट कोबेनच्या विशेष आवडीचा होता. 'लास्ट स्प्लॅश' (१९९३) अमेरिकेत प्लॅटिनम ठरला. त्यातील 'कॅननबॉल'च्या आरंभीची प्रसिद्ध बासची ओळ डीलची नव्हे, बँडची बासवादक जोझेफीन विग्जची आहे. नंतरचे अल्बम : 'टायटल टीके' (२००२), 'माउंटन बॅटल्स' (२००८), 'ऑल नर्व्ह' (२०१८).

द अँप्स : डीलच्या या दुसऱ्या बँडचा 'पेसर' (१९९५) हा एकच अल्बम.

एकल कार्य : 'नोबडी लव्ह्ज यू मोअर' (२०२४) हा पहिला एकल अल्बम. त्यातील काही गीते अल्बिनीने मुद्रित केली. अल्बम नोव्हेंबरमध्ये आला. अल्बिनीचे निधन त्याच वर्षी मे महिन्यात झाले होते.