नाव कोणी ठेवले?

माणसांच्या नावांचा इतिहास चाळला तर एक गोष्ट ठळकपणे नजरेत भरते. काही नावे कामामुळे मिळालेली असतात, तर काही धन्याने लादलेली. आम्ही कामगार चळवळीत वावरणारी माणसे. तेव्हा हा फरक आम्हांस विशेष जाणवावा, हे साहजिकच आहे.

इंग्रजांतला स्मिथ, जर्मनांतला श्मिट, हंगेरीतला कोवाच आणि अरबांतला हद्दाद या साऱ्या आडनावांचा अर्थ एकच: लोहार. गावात कोणाचा उपयोग काय, हे सांगता सांगता ही नावे रूढ झाली. आमच्याकडेही लोहार, सुतार ही आडनावे आहेत. मात्र येथे धंद्याबरोबर जातही नावाला चिकटली.

आता दुसऱ्या प्रकाराकडे वळू. प्राचीन रोममध्ये आरंभीच्या काळी घरातल्या गुलामास स्वतःच्या नावाने हाक मारीत नसत. मार्कुसचा गुलाम तो 'मार्किपोर', म्हणजे मार्कुसचा पोर. लूकिउसचा तो 'लूकिपोर'. वय साठ झाले तरी तो पोरच! पुढे गुलामांना वेगळी नावे मिळाली, पण मुक्तीनंतरही धन्याचे कुलनाव लावावे लागे. सिसेरोने आपला लेखनिक टीरो यास इ. स. पूर्व ५३ मध्ये मुक्त केले. तेव्हा तो मार्कुस तुल्लिउस टीरो झाला. मार्कुस तुल्लिउस हे सिसेरोचेच नाव होते.

हे सारे रोमबरोबर संपले असते तर बरे झाले असते. परंतु अमेरिकेतील गुलामांसही बहुधा धन्याच्याच आडनावाने ओळखीत. १८३८ साली गुलामीतून निसटलेल्या फ्रेडरिक बेली या तरुणाने जुने आडनाव टाकून डग्लस हे नाव घेतले आणि पुढे तेच जगभर गाजविले. सर्वांनाच हे साधले नाही. १८६५ साली गुलामी कायद्याने बंद झाली. त्यानंतर दोनच वर्षांनी जॉर्ज पुलमन याने आगगाडीच्या झोपण्याच्या डब्यांची कंपनी काढली आणि त्या डब्यांत सेवक म्हणून काळ्या लोकांस नेमले. अंथरुणे घालणे, सामान उचलणे, रात्री उतारूंचे जोडे पुसणे ही त्यांची कामे. उतारू त्या सर्वांना एकाच नावाने हाक मारीत: 'जॉर्ज'! मालकाचे नाव जॉर्ज, म्हणून त्याचा प्रत्येक नोकर जॉर्ज. मार्किपोर दोन हजार वर्षांनी आगगाडीत चढला होता.

या सेवकांना महिन्याला सुमारे ४०० तास राबावे लागे आणि पगार तुटपुंजा म्हणून बक्षिशीसाठी हात पसरावा लागे. १९२५ च्या ऑगस्टमध्ये त्यांनी न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात संघटना उभारली आणि ए. फिलिप रँडॉल्फ यांना पुढारी केले. रँडॉल्फ कंपनीचे नोकर नव्हते, त्यामुळे कंपनीला त्यांना कामावरून काढता येत नव्हते. सभासदांना मात्र नोकऱ्या गमवाव्या लागल्या. त्यांच्यात हेर पेरले गेले. बारा वर्षे झुंज चालली. अखेर २५ ऑगस्ट १९३७ रोजी कंपनीने करारावर सही केली. महिन्याचे तास २४० वर आले, पगार वाढला.

कोणी म्हणेल, पगार वाढला हे खरे. नावाचे एवढे काय? आम्हांस वाटते की, आधी नावच हवे. ज्याला सगळे जॉर्ज म्हणतात त्याची तक्रार कोणाची म्हणून नोंदवायची? करारावर सही करायची तर माणसाला नाव लागतेच. संघटनेच्या वहीत प्रत्येकाचे स्वतःचे नाव लिहिले गेले, तेथेच अर्धी लढाई जिंकली होती.

आपल्या गावातही उपाहारगृहात चाळिशीच्या माणसाला 'ए पोऱ्या' अशी हाक ऐकू येते. हाक मारणारे आपणच असतो. त्याचे नाव विचारायला पैसा पडत नाही.