युद्धखुणांच्या वाटेने मद्रासदर्शन

महाराष्ट्रातून पाहुणे आले, की आम्हां मद्रासकर मराठी मंडळींचा कार्यक्रम ठरलेला असतो. सकाळी मैलापूरचा कपालीश्वर, दुपारी त्यागरायनगरात रेशमी साड्या, संध्याकाळी मरीनावरचा वारा आणि दुसऱ्या दिवशी महाबलिपुरम्. १९९६ साली शहराचे सरकारी नाव चेन्नई झाले, तरी आमच्या तोंडी अद्याप मद्रासच आहे. तसाच हा कार्यक्रमही वर्षानुवर्षे बदललेला नाही. गेल्या हिवाळ्यात मात्र सोलापूरहून आलेल्या आमच्या एका वडीलधाऱ्या आप्तांनी निराळीच इच्छा प्रकट केली. त्यांना घरात सारेच काका म्हणतात. काका म्हणाले, "देवळे पाहिली, दुकानेही पाहिली. या शहराने लढाया कोणत्या पाहिल्या, ते आता दाखवा."

तेव्हा आम्ही दिवसभरासाठी एक मोटार ठरविली आणि शहराच्या इतिहासाचा व्यासंग असलेले एक निवृत्त तमिळ शिक्षक वाटाडे म्हणून बरोबर घेतले. घरातील दोन मुलेही निघाली. त्या दिवशी जे पाहिले आणि त्याहून अधिक म्हणजे जे ऐकावे लागले, ते सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेच्या वाचकांपुढे ठेवावे, असे वाटल्यावरून हा लेखनप्रपंच.

आरंभ अर्थातच सेंट जॉर्ज किल्ल्यापासून झाला. १६३९ साली ईस्ट इंडिया कंपनीला ही किनाऱ्यावरची जागा मिळाली आणि पुढल्याच वर्षापासून येथे किल्ला उभा राहू लागला. आज या आवारात राज्याची विधानसभा व सचिवालय असल्यामुळे प्रथम तपासणी आणि मगच इतिहास, असा क्रम असतो. आत सेंट मेरीचे चर्च आहे. १६८० साली पुरे झालेल्या या चर्चचे छप्पर तोफगोळ्यांचा मारा सोसावा म्हणून जाड कमानींचे बांधले आहे. त्याची गरजही पडली. १७४६ साली फ्रेंचांनी हा किल्ला घेतला व तहानुसार १७४९ मध्ये परत केला. १७५८ च्या डिसेंबरात ते पुन्हा येऊन भिडले, पण दोन महिन्यांच्या वेढ्यानंतर त्यांना हात हालवीत परतावे लागले.

किल्ल्यातच वेलस्ली हाउस नावाची पडझड झालेली वास्तू आहे. १७९८ साली मद्रासेस आलेला आर्थर वेलस्ली येथे राहत असे. हाच पुढे २३ सप्टेंबर १८०३ रोजी असईच्या रणांगणावर शिंदे-भोसल्यांच्या फौजेसमोर उभा ठाकला. आज जालना जिल्ह्यात असलेल्या त्या गावाजवळ इंग्रजांकडून जे एतद्देशीय पायदळ लढले, ते मद्रास इलाख्याचे होते. आमच्या शिक्षक महाशयांनी हे अगदी सहज सांगितले. तमिळ-तेलुगू मुलखातील शिपायांची हाडे मराठवाड्याच्या मातीत मिसळली आहेत, हा विचार आम्हांला तोवर कधी शिवलाही नव्हता.

याच किल्ल्याच्या दप्तरात शिवछत्रपतींचेही नाव आहे. १६७७ साली महाराज कर्नाटकाच्या स्वारीवर असता, मे महिन्यात त्यांचे पत्र येथील इंग्रजांकडे आले. मागणी होती विषावरील उताऱ्यांची व औषधी खड्यांची. कंपनीच्या मंडळींनी त्या वस्तू पाठविल्या आणि किंमत न घेता भेट म्हणून पाठविल्या. एवढ्या बलाढ्य शेजाऱ्याशी वाकडे नको, हा हिशेब त्यात होताच. पुढे महाराजांनी इंजिनिअर मागितले, तेव्हा मात्र इंग्रजांनी आदबीने नकार दिला.

किल्ल्यापासून जवळच जॉर्ज टाउनमधील तंबू चेट्टी रस्त्यावर कालिकांबाळचे देऊळ आहे. ३ ऑक्टोबर १६७७ रोजी महाराजांनी येथे देवीचे दर्शन घेतले, अशी या देवळाची परंपरा आहे. दप्तरातील नोंद वेगळी आणि देवळाची परंपरा वेगळी, हे आम्ही जाणतो. तरीही गाभाऱ्यासमोर उभे राहिल्यावर काकांचे डोळे पाणावले आणि मुलांनी जयघोष केला. बाहेर आल्यावर आमच्या बोलण्याला अर्थातच भरती आली. शिक्षक महाशयांनी ते सारे शांतपणे ऐकून घेतले आणि मग सौम्य स्वरात विचारले, "या देवळात कोण आले होते, हे तुम्ही सर्वांना सांगता. त्यानंतर तेसष्ट वर्षांनी कोण आले, तेही मुलांना सांगता काय?"

त्यांचा रोख १७४० च्या स्वारीकडे होता. नागपूरचे रघूजी भोसले आणि अक्कलकोटचे फत्तेसिंह भोसले यांच्या फौजा त्या वर्षीच्या मे महिन्यात दामलचेरीच्या घाटात उतरल्या. अर्काटचा नवाब दोस्त अली लढाईत पडला, त्याच्या घरची माणसे पाँडिचेरीत फ्रेंचांच्या आश्रयाला गेली. पुढल्या वर्षी मराठ्यांनी त्रिचनापल्ली घेतली आणि चंदासाहेबाला कैद करून साताऱ्यास नेले. शाळेत आम्ही ही हकीकत पराक्रम म्हणून शिकलो, आणि पराक्रम तो होताच. पण घोडदळ ज्या शेतांतून जाते, त्या शेतांच्या मालकाला ते कोणत्या दैवताचे भक्त आहे याने काय फरक पडणार? अक्कलकोट काकांच्या जिल्ह्यातलेच. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "यांचे म्हणणे खरे आहे. आपण आपल्याच बाजूचे पान वाचतो."

तेथून आम्ही उच्च न्यायालयाच्या पूर्वेकडील भिंतीपाशी आलो. येथे एक साधा फलक आहे. त्याच्यावरून दररोज हजारो माणसे जातात, वाचणारा विरळा. २२ सप्टेंबर १९१४ च्या रात्री साडेनऊच्या सुमारास जर्मन क्रूझर 'एम्डेन' अंधारातून बंदरासमोर आली. पहिले महायुद्ध सुरू होऊन दोन महिनेही झाले नव्हते आणि शहराचे दिवे निर्धास्त जळत होते. कप्तान कार्ल फॉन म्युलर याने शोधदिवे टाकून बर्मा ऑइल कंपनीच्या टाक्यांवर मारा सुरू केला. थोड्याच वेळात सव्वाशेच्या आसपास गोळे सुटले. तेलाच्या टाक्या भडकल्या, बंदरातील एका व्यापारी जहाजाला मार बसला, काही माणसे प्राणास मुकली. किनाऱ्यावरील तोफांनी उत्तर देईतो एम्डेन निघूनही गेली होती. ९ नोव्हेंबरला कोकोस बेटांजवळ ऑस्ट्रेलियाच्या 'सिडनी' या युद्धनौकेने तिचा निकाल लावला, परंतु तोवर मद्रासचे हजारो लोक गावोगाव पांगले होते. नुकसान फारसे नव्हते. हादरली ती साहेबाच्या राज्यात आपण सुरक्षित आहोत ही समजूत. तमिळ बोलीत वस्ताद, खमक्या माणसाला आजही 'एम्डन' म्हणतात. आमच्या मुलांना तो शब्द ठाऊक होता; तो जहाजाचा, हे मात्र त्या दिवशी कळले.

असाच प्रसंग दुसऱ्या महायुद्धात आला. ५ एप्रिल १९४२ रोजी जपानी विमानांनी कोलंबोवर बाँब टाकले, दुसऱ्या दिवशी विशाखापट्टण व काकिनाडा येथे. आता पाळी मद्रासची, असे सर्वांनीच धरले. ज्यांचे शहरात काम नाही त्यांनी निघून जावे, असे गव्हर्नर आर्थर होप यांच्या सरकारने सांगितले आणि सरकारी कचेऱ्या आतील जिल्ह्यांत हलविल्या. आगगाड्यांत पाय ठेवायला जागा उरली नाही. बाँब पडून पिंजरे फुटतील या भयाने पीपल्स पार्कमधील प्राणिसंग्रहालयातील हिंस्र जनावरे गोळ्या घालून मारण्यात आली. जपानी आरमार मात्र परत फिरले. त्या एप्रिलात ज्यांना गावी जाता येण्यासारखे होते ते गेले. ज्यांना जाण्यासारखे गाव नव्हते, ते राहिले. परमुलखात बिऱ्हाड थाटलेल्या आपल्यासारख्यांना या वाक्यातील वेदना अधिक समजावून सांगायला नको.

किनाऱ्यावरील विजयस्मारक पाहून आम्ही अण्णा सलाईकडे वळलो. हे गोलाकार स्मारक पहिल्या महायुद्धातील विजयासाठी उभारले गेले आणि मग प्रत्येक पिढीने त्यात आपापल्या युद्धाची भर घातली.

पुढे आयलंड मैदानापाशी सर टॉमस मन्रोचा अश्वारूढ पुतळा लागतो. शिल्पकार चँट्री याने घडविलेला हा स्वार खोगीर व रिकिबीवाचून बसला आहे, एवढेच शहरातील बहुतेकांना ठाऊक असते. १८२० ते १८२७ या काळात मद्रासचा गव्हर्नर असलेल्या या गृहस्थाची रयतवारी पद्धत पुढे मुंबई इलाख्यातही आली. पण त्यापूर्वी, पेशवाईच्या अखेरच्या युद्धात, बदामी व बेळगाव घेत हाच मन्रो सोलापूरपर्यंत पोहोचला होता आणि मे १८१८ मध्ये तेथील भुईकोट किल्ला त्याच्या हाती पडला. काका ताडकन मोटारीतून उतरले. ज्या किल्ल्याच्या बागेत ते रोज सकाळी फिरावयास जातात, तो घेणारा मनुष्य येथे त्यांच्या समोर घोड्यावर बसलेला होता! पुतळ्याकडे पाहत ते उद्गारले, "म्हणजे आम्ही त्यांच्याकडे गेलो, आणि त्यांच्याकडचे आमच्याकडे आले." शिक्षक महाशय हसले. सकाळचा हिशेब तेथे पुरा झाला.

अपराह्णी आम्ही सेंट टॉमसच्या टेकडीवर चढलो. खाली विमानतळाची धावपट्टी दिसते. १७६९ साली हैदर अली आपले घोडदळ घेऊन मद्रासच्या अशाच जवळ येऊन थडकला आणि एप्रिलमध्ये इंग्रजांना त्याच्याशी तह करावा लागला. परचक्र आल्यास एकमेकांना साहाय्य करावे, असे त्यात ठरले होते. हैदरच्या मनात परचक्र म्हणजे पुण्याचे थोरले माधवराव. १७७१ साली मराठ्यांनी मोती तलावाच्या लढाईत त्याचा पराभव केला, तेव्हा इंग्रज स्वस्थ बसले. तो दंश हैदर विसरला नाही. १७८० साली तो पुन्हा या मुलखावर तुटून पडला, तेव्हा नाना फडणिसांशी त्याची युती झालेली होती. कालचा शत्रू आजचा मित्र, आणि जळाली ती दोन्ही वेळा येथल्याच रयतेची गावे.

शेवटचे ठिकाण नंदंबाक्कम येथील युद्धस्मशान. १९५२ साली हे तयार करून दक्षिण व पूर्व भारतातील विखुरलेल्या, देखभालीवाचून पडलेल्या समाधी येथे आणण्यात आल्या. दुसऱ्या महायुद्धातील साडेआठशेहून अधिक सैनिक येथे चिरनिद्रा घेत आहेत, आणि पहिल्या महायुद्धात निवर्तलेल्या हजाराहून अधिक जणांची नावे स्मारकावर कोरली आहेत. हिरवळ, रांगेने उभे दगड, प्रत्येकावर नाव व वय. वये वीस, बावीस, चोवीस. आमच्या मुलांनी आपणहून आवाज खाली आणला. अशीच व्यवस्था पश्चिम व मध्य भारतातील समाधींसाठी पुण्याजवळ खडकीस आहे. काका आयुष्यात शेकडो वेळा पुण्याला गेले, पण तेथे कधी गेले नव्हते. "आता जाईन," एवढेच ते म्हणाले.

आपले मंडळ पन्नास वर्षे गणेशोत्सव, नाटके, भाषावर्ग चालवीत आले, मुलांना महाराष्ट्राचा अभिमान देत आले. ते केलेच पाहिजे. मात्र ज्या शहराने आपल्याला घर दिले, त्याच्या आठवणींत आपण कोठे मित्र म्हणून आहोत आणि कोठे धास्ती म्हणून, हेही मुलांना आपणच सांगावयास हवे. नपेक्षा ते एखाद्या दिवशी परक्याकडून, आणि आमच्या शिक्षक महाशयांइतक्या सौम्यपणे नव्हे, त्यांना ऐकावे लागेल. मंडळाने वर्षातून एकदा मुलांना या वाटेने न्यावे आणि वाटाड्या मात्र येथलाच असावा, एवढी सूचना करून हा लेख पुरा करतो.