गड बघायला जा, पण पाणी कुणाचं होतं ते विचारा

"तिथं आपलं काय आहे?" सहलीचा विषय काढला की आपल्या वस्तीतून हा प्रश्न हमखास येतो. दीक्षाभूमी, चैत्यभूमी, महाड, भीमा कोरेगाव म्हटलं की गाडी एका दिवसात भरते. सिंदखेड राजाचा वाडा किंवा दौलताबादचा किल्ला म्हटलं की निम्मे लोक गप्प होतात. राजांचे वाडे, राजांचे तलाव, राजांच्या बागा. त्यात आपलं काय?

माझं म्हणणं आधीच सांगून टाकते. आपण या जागा बघायला गेलंच पाहिजे. नुसतं हात जोडायला नाही आणि नाक मुरडायलाही नाही, तर प्रश्न विचारायला. हा धडा बाबासाहेबांनीच आपल्याला घालून दिला आहे, आणि तोही एका सहलीत.

या हिवाळ्यात आमच्या अभ्यासवर्गातली मुलंमुली घेऊन आम्ही पहाटे बुलढाण्याहून निघालो. चिखली, देऊळगाव राजा करत सिंदखेड राजा गाठलं. राजमाता जिजाऊंचा जन्म १२ जानेवारी १५९८ रोजी लखुजी जाधवरावांच्या इथल्या राजवाड्यात झाला. दरवर्षी त्या तारखेला इथे पाय ठेवायला जागा नसते. आम्ही गेलो तेव्हा गर्दी नव्हती. सोबत गाइड घेतला होता. माणूस चांगला होता, मनापासून सांगत होता. वाडा, रंगमहाल, लखुजींची भव्य समाधी, बारवा, पाण्याच्या मधोमध इमारत असलेला चांदणी तलाव, मोती तलावाचा दगडी बांध. कोणी बांधलं? "लखुजीराजांनी बांधलं." सगळ्या प्रश्नांना हे एकच उत्तर.

मोती तलावाच्या बांधावर नववीतल्या एका मुलीनं विचारलं, "राजांनी हातानं बांधला का? दगड कुणी वाहिले? आणि यातलं पाणी आपल्या लोकांना भरू देत होते का?"

गाइड हसला. म्हणाला, "तसं कुठं लिहिलेलं नाही, ताई."

त्याची चूक नाही. खरंच लिहिलेलं नाही. पण लिहिलेलं का नाही, तिथूनच आपला इतिहास सुरू होतो. राजाचं नाव दगडावर, बखरीत, पोवाड्यात, पाटीवर आलं. ज्यानं तो दगड फोडला, वाहिला, घडवला त्याचं नाव कुठंच आलं नाही. त्या काळी बागेला आणि मळ्याला पाणी पोहोचायचं ते मोटेनं. मोट चामड्याची. ती शिवायचा चांभार, तिचा नाडा वळायचा मांग. त्या मोटेतून आलेल्या पाण्यावर बाग फुलली की तिची फुलं देवाला चालत. मोट शिवणारा मात्र देवळाच्या पायरीलाही चालत नव्हता. बागेचं सौंदर्य सांगताना ही गोष्ट सांगितली नाही, तर ते वर्णन अर्धंच राहतं.

आणि पाया? १८५५ मध्ये 'ज्ञानोदय'मध्ये मुक्ता साळवे या मुलीचा निबंध छापून आला. ती फुले दांपत्याच्या शाळेत शिकणारी मांग समाजातली मुलगी. मांग-महारांना जमिनीवरून हाकलून मोठ्या इमारती उभारल्या आणि त्या इमारतींच्या पायात तेल-शेंदूर पाजून आमचीच माणसं पुरली, असं तिनं त्यात लिहिलं. सिंदखेड राजाच्या पायात कुणाला पुरलं, असा पुरावा माझ्याकडे नाही आणि मी तसा दावाही करणार नाही. पुरावा नसताना बोलणं ही प्रस्थापितांची सवय आहे, ती आपण उचलायची नाही. पण वाडा या शब्दाकडे खालून बघणारी एक शाळकरी मुलगी आपल्या महाराष्ट्रात पावणेदोनशे वर्षांपूर्वी होऊन गेली, हे कोणत्या वाड्यावर सांगितलं जातं?

दुपारी आम्ही जालनामार्गे दौलताबादला निघालो. सिंदखेड राजा आणि दौलताबाद यांना जोडणारी एक रक्ताची रेघ आहे. १६२९ मध्ये निजामशाहानं लखुजी जाधवरावांना मुलानातवांसह दौलताबादच्या दरबारात बोलावून दग्यानं मारलं. गाइडनं हे आवर्जून सांगितलं आणि ते सांगायलाच हवं. पण त्याच किल्ल्याच्या दारात ३०५ वर्षांनी आणखी एक प्रसंग घडला. तो सांगणारा गाइड मला अजून भेटलेला नाही. म्हणून खंदकापाशी मुलांना बसवून तो मीच सांगितला.

१९३४ सालची गोष्ट. चळवळीतल्या सहकाऱ्यांना बाबासाहेबांसोबत सहलीला जायचं होतं. वेरूळची बौद्ध लेणी बघायचीच, असं ठरलं. वाटेत दौलताबादचा किल्लाही घेतला. तीसेक माणसं, भाड्याच्या बस आणि मोटारी. नाशिकहून येवलामार्गे निघाले. कार्यक्रम मुद्दाम जाहीर केला नव्हता. अस्पृश्य प्रवाशांना परमुलखात काय सोसावं लागतं ते सगळ्यांना ठाऊक होतं. दौलताबादला आपले लोक चहा-फराळ घेऊन वाट बघत थांबले होते. पण अंधार पडायच्या आत किल्ला बघून होऊ दे, चहा परत आल्यावर घेऊ, असं म्हणून मंडळी पुढे गेली.

किल्ल्याच्या दरवाजाबाहेर पाण्यानं काठोकाठ भरलेला एक लहान हौद होता. प्रवासाच्या धुळीनं सगळे माखलेले. काही जणांनी हात-पाय-तोंड धुतलं. मंडळी दरवाजात पोहोचतात तोच मागून एक म्हातारा मुसलमान ओरडत आला, की धेडांनी हौद बाटवला. बघता बघता जमाव जमला, शिवीगाळ सुरू झाली. वाट बघत थांबलेल्या स्थानिक अस्पृश्यांवरही सगळे तुटून पडले. शेवटी बाबासाहेबांचा संयम सुटला. त्यांनी विचारलं, तुमचा धर्म हेच शिकवतो का? उद्या एखादा अस्पृश्य मुसलमान झाला तर त्यालाही तुम्ही हे पाणी घेऊ देणार नाही का? जमाव गप्प झाला. मग किल्ल्यात जायची परवानगी मिळाली. अट एकच, आत कुठंही पाण्याला शिवायचं नाही. आणि ती अट पाळली जाते का हे बघायला सोबत एक हत्यारबंद शिपाई दिला.

तरुणांनो, हा शिपाई डोळ्यांसमोर आणा. बॅरिस्टर, पीएचडी, गोलमेज परिषदांमध्ये बोलून आलेला माणूस किल्ला बघतोय आणि मागे बंदूक. 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या आठवणींत बाबासाहेबांनी हे स्वतः लिहून ठेवलं आहे. आज आपण तिकीट काढून त्याच दरवाजातून आत जातो, खांद्याला पाण्याची बाटली असते आणि मागे शिपाई नसतो. हा फरक आपोआप पडलेला नाही. त्यामागे २० मार्च १९२७ चं चवदार तळं आहे, तळ्याच्या हक्कासाठी दहा वर्षं चाललेला आणि १९३७ मध्ये उच्च न्यायालयात जिंकलेला दावा आहे, आणि संविधानाचं कलम १५ आहे. विहिरी, तलाव, स्नानाचे घाट, रस्ते यांच्या वापरात कुणालाही जातीवरून अडवता येणार नाही, असं ते कलम सांगतं. ते वाचताना मला दर वेळी दौलताबादचा हौद आठवतो.

एक खबरदारी. या प्रसंगातला म्हातारा मुसलमान होता, म्हणून काही मंडळी तेवढाच भाग उचलून मिरवतात. त्यांना विचारा, महाडचं तळं शेण-गोमूत्रानं शुद्ध करणारे कोण होते? बाबासाहेबांचा मुद्दा असा होता, की जातीचं विष ज्यांच्या धर्मग्रंथात नाही त्यांच्याही अंगात या देशात भिनलं आहे. त्यांचा राग विषावर होता. आपलाही तिथंच असावा.

परतीच्या वाटेवर गाडीत एका मुलानं मोबाइलवर जपानची जाहिरात दाखवली. एका दिवसात जुने किल्ले, बागा आणि जुनी गावं, सोबत गाइड. "ताई, बघा किती सुंदर! तिथं जात नाही, म्हणून असं असेल."

जपान आपल्याला परका नाही. भदंत सुरई ससाई तिथूनच येऊन नागपूरचे झाले. पण तिथं जात नव्हती, हे खरं नाही. हिमेजीचा तो पांढराशुभ्र किल्ला आजच्या रूपात १६०९ मध्ये पूर्ण झाला, म्हणजे जिजाऊ अकरा वर्षांच्या असताना. आज तो जागतिक वारसा आहे. त्याच हिमेजीचं पांढरं चामडं प्रसिद्ध होतं. किल्ल्यातल्या सामुराईंच्या चिलखतांना चामडं लागायचं आणि ते कमावणारे लोक अपवित्र ठरवले जायचे. त्यांची वस्ती वेगळी आणि लग्नसंबंध वेगळे. मारुओका किल्ल्याची दंतकथा तर अशी, की भिंत उभी राहीना म्हणून ओशिझू नावाच्या गरीब विधवेला पायात पुरलं. तुझ्या मुलाला सामुराई करू, असं वचन तिला दिलं आणि ते पाळलं नाही. ही दंतकथाच आहे. पण मुक्ता साळवेचा निबंध वाचलेल्या माणसाला ती वाचताना थांबावं लागतं.

आणि बागा? पंधराव्या शतकात शोगुन आशिकागा योशिमासाच्या पदरी झेनामी नावाचा थोर बागकार होता. तो 'कावारामोनो' होता. नदीकाठच्या पडीक वाळवंटात राहणाऱ्या, जनावरं सोलणाऱ्या आणि म्हणून अस्पृश्य मानलेल्या लोकांपैकी एक. त्याच्या हातची बाग शोगुनला हवी होती, पण त्याच्या जन्माचा डाग काही पुसला नाही. क्योटोच्या र्योआनजी मठातली दगड आणि वाळूची बाग बघायला जगभरातून माणसं येतात. तिथल्या एका दगडाच्या मागच्या बाजूला दोन नावं कोरलेली आहेत. ती बाग रचणाऱ्या कावारामोनोंची असावीत, असं अनेक अभ्यासक मानतात. पुढून बघणाऱ्याला ती दिसत नाहीत.

लक्षात घ्या, हा बौद्ध देश आहे. नुसतं धर्माचं नाव बदलून जात मरत नाही, हे बाबासाहेबांना पुरतं ठाऊक होतं. म्हणूनच १९५६ मध्ये धम्मदीक्षेसोबत बावीस प्रतिज्ञा आल्या. जपानमध्ये १८७१ च्या फर्मानानं हा भेद कागदावर संपला. प्रत्यक्षात संपला नाही, म्हणून ३ मार्च १९२२ रोजी क्योटोत त्या लोकांनी 'सुईहेइशा' ही संघटना उभारली. आपल्या महाडच्या पाच वर्षं आधी. पुढे १९८५ मध्ये ओसाकात त्यांच्या इतिहासाचं मानवी हक्क संग्रहालय उघडलं. सरकारी मदत तुटली, जागेचा वाद झाला आणि २०२० मध्ये ते बंद पडलं. दुसऱ्याच्या मेहेरबानीवर ठेवलेला इतिहास कधीही बंद होऊ शकतो, हा त्यातला धडा.

उलटं उदाहरण आपल्याच मातीत आहे. कार्ल्याच्या चैत्यगृहाच्या दाराशी धेनुकाकट गावच्या एका सुताराचं नाव कोरलेलं आहे. कोकणातल्या कुड्याच्या लेण्यांत माळ्याच्या दानाचा लेख आहे. दोन हजार वर्षांपूर्वी बुद्धाच्या लेण्यांत सुताराचं आणि माळ्याचं नाव दर्शनी भागात येऊ शकत होतं. म्हणजे कष्टकऱ्याचं नाव लिहायची पद्धत या देशाला माहीत होती. ती विसरायला लावली गेली.

म्हणून कार्यकर्त्यांना माझी विनंती आहे. तुमच्या गावाजवळ गढी असेल, वाडा असेल, बारव असेल. एका रविवारी मुलांना घेऊन जा. गाइडचं पूर्ण ऐकून घ्या, त्याचा अपमान करू नका. मग चार प्रश्न विचारा. हे कुणाच्या हातांनी बांधलं? इथलं पाणी कुणाला मिळत होतं आणि कुणाला नाही? पहाऱ्यावर कोण होतं? शिवकालीन गडांच्या मेटांवर महार, मांग, रामोशी, बेरड रात्र रात्र जागले, हे विसरू नका. आणि चौथा प्रश्न, या माणसांच्या वस्त्या कुठं होत्या? उत्तर मिळालं तर लिहून ठेवा. नाही मिळालं तर "माहीत नाही" असंच लिहा, पण प्रश्न खोडू नका. वस्तीतल्या म्हाताऱ्यांना विचारा. मोट, नाडा, येसकरकी, बलुतं यांच्या आठवणी असलेली शेवटची पिढी आज आपल्यात आहे.

यामुळे जिजाऊंचा मान कमी होतो का? अजिबात नाही. महात्मा फुल्यांनी १८६९ मध्ये शिवरायांचा पोवाडा लिहिला तो रयतेच्या बाजूनं. आपण त्यांचेच वारस. राजाचं नाव पुसायचं नाही, त्याच्या शेजारी रिकामी ठेवलेली जागा भरायची आहे.

रात्री बुलढाण्यात उतरताना तीच नववीतली मुलगी म्हणाली, "ताई, तो हौद कोणता ते दाखवणारी पाटी तिथं का नाही?"

आमच्या अभ्यासवर्गानं आता हेच काम हाती घेतलं आहे. १९३४ चा प्रसंग दौलताबादच्या दरवाजाशी नोंदवला जावा, यासाठी मुलांनी पुरातत्त्व विभागाला लिहायचा अर्ज त्यांच्याच अक्षरात तयार केला आहे. तुम्हीही तुमच्या गावातून असाच एक अर्ज पाठवा.

जय भीम! जय संविधान!