स्वतंत्र चित्रपटांचें संगीत व त्याचीं अस्सल साधनें

उद्यां मावळांत वडिवळ्यास एखादा महजर उजेडांत आला, तर त्याची मिती, शिक्का व हस्ताक्षर तपासण्यास आम्ही तांतडीनें जाऊं. परंतु त्याच पुणें जिल्ह्यांत घडलेल्या चित्रपट-संगीताच्या टांचणांकडे आमच्यापैकीं कितीकांचें लक्ष आहे?

प्रभात कंपनी १९२९ सालीं कोल्हापुरास निघाली व १९३३ सालीं पुण्यास आली. तिच्या 'अयोध्येचा राजा' (१९३२) या बोलपटास गोविंदराव टेंबे यांनीं संगीत दिलें. केशवराव भोळे यांचें संगीत असलेल्या 'कुंकू' (१९३७) मध्यें पार्श्ववाद्यें वगळून प्रसंगांतील स्वाभाविक ध्वनींवरच भिस्त ठेवली होती. संगीत कोठें नसावें, हा विवेक तेव्हांच जागा झाला होता, असें यावरून दिसतें. प्रभातच्याच आवारांत १९६० सालीं फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. पं. रविशंकर यांचे शिष्य सतारवादक भास्कर चंदावरकर (१९३६–२००९) हे १९६५ पासून तेथें संगीत शिकवूं लागले. कुमार शहानी यांचा 'माया दर्पण' (१९७२), डॉ. जब्बार पटेल यांचा 'सामना' (१९७५) व मृणाल सेन यांचा 'खंडहर' (१९८४) या व्यवसायाच्या रुळलेल्या वाटेबाहेरील चित्रपटांचें संगीत त्यांचें आहे.

या कामाची रीत ध्यानांत घेतल्यावांचून साधनांची किंमत कळणार नाहीं. संकलन झाल्यावर संगीतकार एकेक रीळ पाहतो व वाद्य कोठें सुरू व्हावें, कोठें थांबावें, याचें टांचण करतो. ३५ मिलिमीटरची फीत सेकंदास २४ चौकटींच्या वेगानें, म्हणजे मिनिटास ९० फूट, चालते. यास्तव २० सेकंदांच्या तुकड्यास ३० फुटांचें माप पडतें. त्या मापांत बसेल असा तुकडा रचून तो वादकांकडून मुद्रित करवितात. पुढें संवाद व इतर आवाज यांच्याशीं मिश्रण होतांना दिग्दर्शक तो मंद करतो, सरकवितो, प्रसंगीं समूळ गाळतो.

तेव्हां पडद्यावरील प्रत हें रवाना झालेलें पत्र होय. टांचण हा त्याचा मसुदा. मसुद्यांतून काय खोडलें गेलें, हें पत्रावरून कधींच समजत नाहीं. तबकड्यांवरून गाणीं तेवढीं कळतात, पार्श्वसंगीताची योजना कळत नाहीं. शिवाय प्रभातसारख्या कंपनीच्या पदरीं संगीतकार असत व तिचें एक दप्तर असे. स्वतंत्र चित्रपटाचा निर्माता दरवेळीं निराळा, आणि चित्रपट संपला कीं त्याचें दप्तरही उठतें. कागद वादकांच्या, साहाय्यकांच्या घरीं विखुरतात आणि घर आवरतांना रद्दींत जातात.

पुण्यांत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ सालीं स्थापन झालें, त्यामुळें फितींच्या रक्षणास आधार मिळाला. कागदांचा शोध मात्र संग्राहकांनींच केला पाहिजे. असें टांचण हातीं आल्यास चित्रपटाचें नांव, रिळाचा अनुक्रम, वाद्यें, तारीख व हस्ताक्षर यांची नोंद करावी. खाडाखोड जशीच्या तशी उतरून घ्यावी व कागद ज्या क्रमानें मिळाले तो क्रम मोडूं नये. मोडी रुमालांसाठीं जी शिस्त आम्ही पाळतों, तीच येथें पुरेशी आहे. मात्र हे रुमाल अद्यापि बांधलेलेच नाहींत, आणि ते बांधूं शकणारे साहाय्यक व वादक आतां वृद्ध झाले आहेत.