मालेगावचा सुपरमॅन

दोंडाईच्याहून धुळ्यामार्गे मालेगाव काही फार लांब नाही. पण एसटीत 'मालेगावला चाललोय' म्हटलं, की शेजारचा प्रवासी जरा वळून बघतो. २००६ आणि २००८ च्या बॉम्बस्फोटांनंतर त्या गावाची एवढीच ओळख उरली. वाहिन्यांचे कॅमेरे तिथं आले, ते अशाच दिवशी आले.

एक कॅमेरा मात्र रोजचं जगणं बघायला आला. फैझा अहमद खान यांचा 'सुपरमेन ऑफ मालेगाव' हा माहितीपट २००८ सालचा. व्हिडिओ पार्लर चालवणाऱ्या नासिर शेख यांनी 'मालेगाव के शोले' काढून गावाला आपल्याच सिनेमाचं वेड लावलं होतं. आता त्यांना सुपरमॅन उडवायचा होता. यंत्रमागावर राबणारा किडकिडीत शफीक सुपरमॅन झाला. माहितीपट उपदेश करत नाही. मागांचा खडखडाट ऐकू येतो, शूटिंगचा कॅमेरा पाण्यात पडतो, मध्येच शफीकचं लग्न होतं. आपण नुसते जवळ बसून असतो.

फ्रेंच चित्रकर्ते जाँ रूश यांनी असाच कॅमेरा आफ्रिकेत नेला होता. त्यांच्या १९५८ च्या 'म्वा, अँ न्वार'मध्ये नायजरमधून आबिजानला मजुरीला आलेले तरुण आहेत. दिवसभर ओझी वाहणारी ही पोरं एकमेकांना टारझन, एडवर्ड रॉबिन्सन अशी सिनेमातली नावं देतात. त्यांतला उमारू गांदा पुढे स्वतः दिग्दर्शक झाला. तरीही सेनेगलचे उस्मान सेम्बेन यांनी १९६५ मध्ये रूश यांना तोंडावर सुनावलं, की तुम्ही आम्हाला किड्यांसारखं न्याहाळता.

ही बोच मला ओळखीची आहे. मुसलमान मोहल्ल्यावर रोखलेली नजर बहुतेक वेळा काहीतरी शोधत आलेली असते. मालेगावात मात्र दोन कॅमेरे होते, एक फैझा यांचा आणि दुसरा नासिर यांचा स्वतःचा. बघितली जाणारी माणसंही काहीतरी बघत होती, म्हणून ती लहान झाली नाहीत.

शफीक २०११ मध्ये कर्करोगानं गेला. २०१२ मध्ये माहितीपट आपल्याकडच्या थिएटरांत लागला, तेव्हा तो नव्हता. २०२५ मध्ये नामवंत नटांना घेऊन 'सुपरबॉइज ऑफ मालेगाव' आला, पण शफीकचं खरं हसू जपलं गेलं ते त्या माहितीपटातच.

आमच्या दोंडाईच्याच्या मिरची बाजारात ठसक्यातही हसणाऱ्या बाया मी वर्षानुवर्षं पाहिल्या. त्यांच्यावर कविताही लिहिल्या. पण त्या काय बघतात, हे मी त्यांना कधी विचारलं नाही.