खानदेशातील महामार्ग पुलांची भूकंपरोधक रचना

खानदेशातील महामार्ग पुलांची भूकंपरोधक रचना म्हणजे जळगाव व धुळे जिल्ह्यांतील तापी, गिरणा, वाघूर, पांझरा इत्यादी नद्यांवरील रस्ते-पुलांचे आराखडे भूकंपाचे आडवे धक्के सहन करतील अशा रीतीने करणे होय. मुंबई–आग्रा महामार्गावरील सावळदे (शिरपूर) येथील तापीवरील पूल, तसेच सुरत–नागपूर महामार्गावरील बांभोरी येथील गिरणेवरील पूल ही या भागातील परिचित उदाहरणे आहेत.

पार्श्वभूमी

तापीचे खोरे सोन–नर्मदा–तापी या भ्रंशपट्ट्यात येते. १४ मार्च १९३८ रोजी खानदेशाच्या उत्तरेस सातपुड्यात सुमारे ६.३ तीव्रतेचा भूकंप झाला. केंद्र बरेच खोल असल्याने तो दूरवर जाणवला. याच पट्ट्याच्या पूर्वेकडील भागात २२ मे १९९७ रोजी जबलपूरचा भूकंप झाला. दख्खनचे पठार स्थिर आहे, ही समजूत कोयना (१९६७) आणि किल्लारी (१९९३) येथील भूकंपांनी मोडली असली, तरी खानदेशात १९३८ची आठवण फारशी राहिलेली नाही.

भारतीय मानक आयएस १८९३च्या २००२च्या नकाशानुसार हे जिल्हे भूकंपक्षेत्र ३ मध्ये मोडतात. मानकाची पहिली आवृत्ती १९६२ची असल्याने त्यापूर्वीच्या पुलांना हा हिशेब लागू नव्हता.

आडव्या बलाचा हिशेब

क्षेत्र ३ साठी क्षेत्रगुणांक ०.१६ आहे. त्याच्या निम्म्याला कंपनवर्णपटाच्या कमाल मूल्याने (२.५) गुणल्यास ०.२० येतात, म्हणजेच पुलाच्या वजनाच्या २० टक्के इतके बल आडवे लागू शकते. राष्ट्रीय महामार्गावरील पुलांसाठी भारतीय रस्ते काँग्रेसच्या संहितेत महत्त्वगुणांक १.२ असल्याने ते २४ टक्के होते. एवढ्या बलाला पूर्णपणे लवचीक राहणारा स्तंभ खर्चिक ठरतो. म्हणून स्तंभाच्या तळाशी लोखंड ताणले जाऊन ऊर्जा शोषली जाईल, परंतु स्तंभ कोसळणार नाही, अशी योजना करून हिशेबातील बल कमी धरतात. ही सवलत जवळजवळ बांधलेल्या आडव्या रिंगांवर अवलंबून असते. रिंगा विरळ असल्यास तळाचे काँक्रीट फुटते व उभ्या सळ्या वाकतात. १९९५च्या कोबे भूकंपात हान्शिन उन्नत मार्गाचा मोठा भाग आडवा झाला, त्यामागे स्तंभांतील लोखंडाच्या मांडणीतील अशा उणिवा होत्या. पाया मात्र स्तंभापेक्षा बळकट ठेवावा लागतो, कारण जमिनीखालील मोडतोड दिसत नाही आणि दुरुस्तही करता येत नाही.

गर्डर व बेअरिंग

अनेक भूकंपांत स्तंभ उभे राहिले आणि गर्डर मात्र टेकूवरून घसरून खाली आले. २६ जानेवारी २००१च्या भूज भूकंपात सूरजबारी पुलाची बेअरिंगे निकामी होऊन गर्डर जागेवरून सरकले व कच्छचा रस्तासंपर्क विस्कळीत झाला. म्हणून गर्डरखाली पुरेशी टेकू-रुंदी ठेवतात. क्षेत्र २ व ३ साठी ती मिलिमीटरमध्ये ३०५ + २.५ × लांबी + १० × स्तंभाची उंची अशी काढतात (दोन्ही मापे मीटरमध्ये). ३० मीटर गाळा व १० मीटर उंचीसाठी ती ४८० मिमी येते. गर्डर बाजूला सरकू नये म्हणून काँक्रीटचे ठोकळेही बांधतात. एकूण खर्चाच्या मानाने हा खर्च अल्प असतो. जुन्या पुलांची सुधारणा म्हणूनच बहुधा येथून सुरू करतात.

स्थानिक जमीन

तापीच्या काठी बेसाल्टवर गाळाचा जाड थर असून तो काही ठिकाणी शंभर मीटरहून अधिक आहे. अशा थरात धक्का वाढतो, तर पाण्याने भरलेली सैल वाळू काही काळ द्रवासारखी वागू शकते. शिवाय पुरात खांबांभोवतीची माती खरवडली जाते, त्यामुळे स्तंभाची मोकळी उंची वाढते आणि पुलाची कंपने बदलतात. खोल विहीर-पाये घेताना म्हणून पूर आणि भूकंप यांचा विचार एकत्रच करावा लागतो. याउलट बेसाल्ट उथळ असलेल्या ठिकाणी पाया थेट खडकात बसवता येतो व हिशेब पुष्कळ सोपा होतो.